पाठवणीचं गाणं

"अगं, घर सुटताना गायचं गाणं ते. नांदत्या घरात गाऊन अवदसा ओढवून घेऊ?" लाम आजी दर वेळी विंग-समला असं सांगून वाटेला लावायच्या.

पदरमोड करून माहितीपट काढणारी विंग-सम तरी दोन वर्षं हाँगकाँगजवळच्या त्या खेड्यात कॅमेरा घेऊन येत राहिली. सासरी निघालेल्या नवरीनं आईबापांच्या नावानं बोटं मोडत गायचं ते जुनं कँटोनीज गाणं आता एकट्या आजींनाच येत होतं.

मग मुलानं घर विकलं. आजींना वृद्धाश्रमात न्यायला टॅक्सी आली, तेव्हा उंबऱ्यात चौकट धरून त्यांनी एकाएकी सूर लावला. आईबापांच्या जागी त्या आपल्या मुलाचं नाव घेत होत्या. तो मान खाली घालून ऐकत राहिला. विंग-समचा कॅमेरा सुरू होता, आणि तिला चक्क आनंद झाला होता.

गाणं ऐन रंगात असताना टॅक्सीवाल्यानं हॉर्न दाबून धरला.

"आजी," गाणं संपताच ती काकुळतीला आली, "हॉर्ननं सगळं बिघडलं हो. पुन्हा एकदा म्हणाल?"

आजींनी बाहीनं डोळे पुसले. "म्हणेन की. सोडायला आणखी एक घर आण."