अहो-जाहो

बाबांचा शेवटचा दिवस तसा नेहमीसारखाच होता. फक्त त्या दिवशी त्यांच्या बँकेत अचानक तपासणी आली, आणि तपासायला आलेले साहेब निघाले त्यांचे शाळेपासूनचे मित्र. आदल्याच संध्याकाळी हे काका आमच्याकडे पत्ते खेळून, "निघतो रे टकल्या," म्हणत गेले होते. सकाळी कुठे जायचंय, याबद्दल अवाक्षर नाही.

मॅनेजरच्या खुर्चीतून उठत बाबांनी सगळ्यांना सांगून टाकलं, "हे माझे जुने मित्र. तेव्हा जास्तच बारकाईने बघतील." मग दिवसभर दोघांचं "आपण बसावं", "आपण कपाट उघडावं" चालू होतं. कॅशियर तोंडाला रुमाल लावून हसत होता म्हणे.

त्याच रात्री बाबा झोपेतच गेले.

काल काका भेटायला आले. त्यांनी चष्मा काढून पुसला. मग म्हणाले, "बँकेतून निरोप देतानाही मला 'आपण' म्हणाला गं तो. रागावला होता का माझ्यावर?"

घरी आल्यावर बाबा काय म्हणाले होते, ते मला शब्द न् शब्द आठवत होतं. पण वडीलधाऱ्या माणसाला तोंडावर असलं काही मी आजवर कधी बोलले नव्हते.



"नाही, काका. बाबा म्हणाले, 'त्या गाढवाने माझ्या बँकेतला चहासुद्धा घेतला नाही. घेतला असता, तर जन्मात बोललो नसतो त्याच्याशी.'"