सुबाभळीच्या शेंगा

“पाहायला आलो तेव्हा कमरेइतकी वेणी होती, आता बघा ही शेपटी! दुखणं लपवून पोरगी आमच्या गळ्यात मारलीत. घेऊन जा हिला,” सासूबाई शेवंताच्या वडिलांना सुनावत होत्या. शेवंता मान खाली घालून सुबाभळीच्या शेंगा सोलत होती. घरात डाळ शिजायची ती इतरांसाठी. तिला उसळ या फुकटच्या बियांची.

तेवढ्यात शेळी तपासायला आलेले डॉक्टर गोठ्यातून ओरडले, “हिचे केस सुबाभळीनं झडलेत. शेंगा बंद करा. रोज खाल्ल्या तर माणसांचेसुद्धा झडतात.”

शेवंतानं मान वर केली.

“ऐकलंत ना, विहीणबाई?” वडील म्हणाले.

“ऐकलं की!” सासूबाईंनी लगबगीनं शेळीपुढची शेंगांची टोपली उचलली आणि शेवंताच्या सुपात रिकामी केली.

“गाभण आहे हो ती,” त्या कळवळून म्हणाल्या, “तिला जपायला हवं.”