चौथं पान

चौथ्या पानावर पत्ता छापलेला होता. प्रकाशकाने चष्मा पुसून पुन्हा पाहिलं. घर क्रमांक, गल्ली, पिनकोड, सगळं जागच्या जागी.

नवऱ्याच्या मारातून निसटलेल्या बाईचं आत्मकथन होतं ते. टोपणनावाने काढलेलं. लेखिकेचा फोटो, खरं नाव, सगळं त्याने डोळ्यांत तेल घालून गाळलं होतं. पण वाचकाचं पत्र थेट लेखकाच्या हाती पडावं म्हणून तो पहिल्या पुस्तकापासून चौथ्या पानावर लेखकाचा पत्ता छापत आला होता. तीस वर्षांची सवय. करारावर तिने लिहिलेला पत्ता नेहमीसारखा उचलला गेला. आज सकाळी एका वाचकाचा फोन आला, "बाईंना कालच पत्र टाकलं हं!" तेव्हा कुठे याला कळलं. पुस्तक बाजारात जाऊन पंधरा दिवस झाले होते.

त्याने तिला फोन लावला. एकदा, दोनदा, दहादा. ती उचलेना. तपासायची मुद्रितं तिने कधी घरी मागवली नव्हती. "काका, मीच येते न्यायला," म्हणायची. एक अनुस्वारही सुटू द्यायची नाही. एवढी चोखंदळ बाई, तिलाही पत्ता दिसू नये? लगेच त्याला स्वतःचीच लाज वाटली. चूक आपली आणि खापर तिच्या माथी!

पार्सलं बांधता बांधता बायको म्हणाली, "अहो, कुणाला एवढे फोन लावताय?"

तो चपला घालू लागला. त्या पत्त्यावर आपणच आधी पोचायला हवं. तेवढ्यात दार ढकलून एक माणूस आत आला. त्याच्या डाव्या अंगठ्याचं नख काळं होतं. पुस्तकातल्या नवऱ्याचंही असंच होतं.

माणसाने पुस्तक टेबलावर आपटलं, चौथं पान उघडलं आणि ते काळं नख पत्त्यावर टेकवलं.

"हे कोणी छापलं?"

पोचला हा. संपलं सगळं. प्रकाशक कसाबसा म्हणाला, "ती... ती कुठंय?"

"ते मी तुम्हाला विचारायचं!" माणसाने पिशवीतून पोस्टकार्डांचा गठ्ठा काढून फेकला. "रोज वीस-पंचवीस येतात. 'ताई, त्या राक्षसाच्या तावडीतून सुटलात, बरं झालं.' पोस्टमन मोठ्यानं वाचतो. अख्खी गल्ली ऐकते. अहो, हे माझं घर आहे!"

छापखान्यातून परत आलेली शेवटची मुद्रितं प्रकाशकाने आता कुठे उघडली. चौथ्या पानावर लाल पेनची एकच दुरुस्ती होती. पिनकोडमधला चुकलेला आकडा तिने सुधारला होता.

तो खुर्चीत बसला. त्याने लाल पेनचं टोपण काढलं आणि ते पान माणसापुढे सरकवलं.

"दुसरी आवृत्ती छापायला जातेय. पत्ता बरोबर आहे ना, तेवढं बघून द्या."