नाकातले बोळे

त्या वर्षी कापसाला भाव नव्हता. कळंबात घरोघर ढीग पडून होते, म्हणून नंदकिशोरने भुताच्या सिनेमासाठीचं प्रेत कापसानेच भरलं. चेहऱ्याचा साचा मात्र त्याने बायकोच्या, रजनीच्या तोंडावर प्लास्टर थापून काढला.

प्रेत म्हटलं की नाकात बोळे हवेत. ते घालून तो चहा पिऊन आला, तर दोन्ही बोळे प्रेताच्या छातीवर पडलेले. ओलसर, कोमट.

पुन्हा घातले. पुन्हा छातीवर.

“रजने, बोळे तू काढून राह्यली काय?”

“मी कायले हात लावू त्या मढ्याले?” वाती वळता वळता ती आतून हसली. “तोंड माह्यं घेतलं, आता चोरीबी माह्यीच! अन् घट्ट नका कोंबू हो. सकाळपासून मले दम लागून राह्यला.”

मग ती चिंतामणीच्या देवळातल्या कीर्तनाचं ध्रुपद गुणगुणू लागली. किती गोड गळा!

सिनेमावाल्यांची गाडी दारात उभी होती. हे काम गेलं तर दुसरं नव्हतं.

नंदकिशोरने ताजा कापूस काडीने खोलवर दाबला आणि वर बोटं धरून ठेवली. आतून काहीतरी बोटांना ढकलत होतं. मग ते थांबलं.

आतल्या खोलीतलं ध्रुपदही थांबलं, अर्ध्या ओळीवर.