फुगलेले कपॅसिटर

"दुरुस्त नको, नवाबभाई. कायमचा बंद करून द्या."

सरूबाईनं मेलेल्या नवऱ्याचा अ‍ॅम्प्लिफायर क्रांती चौकातल्या दुकानात आपटला. कडूबा बाजारात यावरून ओरडून चादरी विकायचा. घरी नुसताच ओरडायचा.

वायर तो गेला तेव्हाच, वर्षापूर्वी, कापलेली होती. लाल दिवा मात्र जळत होता.

"कपॅसिटरमधी करंट राहतो, भाभी. घडीभर."

"वर्षभर?"

नवाबनं डबा उघडला. तिन्ही कपॅसिटर डोक्यावर फुगलेले, आतून सुकलेले. उरलेला करंट उतरवायला त्यानं स्क्रूड्रायव्हरनं त्यांचे पाय जुळवले. ठिणगी उडाली. पुन्हा जुळवले. पुन्हा उडाली.

वैतागून त्यानं तिन्ही उपटले आणि तिच्या हातात दिले. "घ्या. आता काय बोलतो?"

दिवा विझला. सरूबाई स्टुलावर टेकली आणि हसली.

तिच्या बंद मुठीतून कडूबा म्हणाला, "सरे, पाणी."

ती सवयीनं उठली.