त्याच नावाचा पाचवा

“तीन नंबरला काढून टाकणार म्हणे तुम्ही?”

म्हातारी दारातूनच बोलली. चरित्रकोशाच्या कचेरीत एवढ्या मोठ्यानं कुणी बोलत नाही. संपादकबाईंनी प्रुफातून मान वर केली.

कोशाच्या त्या पानावर एकाच नावाची चार थोर माणसं होती. नाव तेच, म्हणून कचेरीत त्यांना नंबरानं हाक मारायची रीत पडली होती.

(१) सेनापती. दोन वेढे फोडले, तिसऱ्यात पडला.

(२) वैद्य. देवीच्या साथीत घरोघर फिरला. स्वतःचं घर राहून गेलं.

(३) पूल बांधणारा. सात पूल, सातही उभे. मृत्यू १९३८. सोबत छायाचित्र.

(४) गणिती. याच्याविषयी फारसं काही सापडत नाही.

घोटाळा तिसऱ्याच्या छायाचित्रात होता. १९३८ साली वारलेल्या माणसाच्या खिशाला बॉलपेन!

चाळीस वर्षांपूर्वी, नोकरीच्या पहिल्याच महिन्यात, बाईंनीच तो फोटो एका जुन्या स्टुडिओतून आणला होता. स्टुडिओवाला पाकिटं नावावर लावायचा. नाव जुळलं, बाईंनी पाकीट उचललं. कोश छापून आला आणि मागोमाग पूलवाल्याच्या नातीचं पत्र. सोबत खरा फोटो, भरघोस मिशांचा. पण दुसरी आवृत्ती निघेपर्यंत करणार काय? चपलेत शिरलेल्या खड्यासारखी ती चूक घेऊन बाई चाळीस वर्षं चालत राहिल्या. आता पुढच्या महिन्यात नवी आवृत्ती, त्यानंतर निवृत्ती. खडा काढायचा आणि घरी जायचं.

“ते आमचे हे आहेत,” म्हातारी म्हणाली. “बॉलपेनवाले.”

बाई उठून उभ्या राहिल्या. “मावशी, चूक माझी होती. माफ करा.”

“माफी कसली? चांगले मिरवले की चाळीस वर्षं! पाणीपुरवठ्यात होते. पाणी सोडायचं काम. गल्लीतले म्हणायचे, अहो पूलवाले, आमच्याकडचं पाणी आधी सोडा.” म्हातारी हसली. मग खुर्चीच्या कडेवर टेकली.

“दोन वर्षं झाली, विसरतात आता. रोज सकाळी वाचनालयात घेऊन जाते. पाय आपोआप त्या कपाटाकडं वळतात. पुस्तक काढतात, पान बरोब्बर उघडतात, फोटोवर बोट ठेवतात. म्हणतात, हा मी. मग माझ्याकडं बघतात आणि ओळखतात. दुपारपर्यंत तरी.” तिनं पदरानं चष्मा पुसला. “ग्रंथपाल म्हणाला, नवं आलं की जुनं जाणार.”

“जुना खंड मी तुम्हाला देते ना. घरीच ठेवा.”

“आणून पाहिला होता एकदा. घरात म्हणाले, कुणाचं पुस्तक उचलून आणलंस? आधी परत करून ये.”

बाईंनी टेबलावरचा मिशांचा फोटो तिच्यापुढं सरकवला. “हे खरे पूलवाले. यांची नात चाळीस वर्षं वाट बघतेय, मावशी. तुमच्या मिस्टरांचा फोटो मला इथं ठेवता येणार नाही.”

म्हातारीनं फोटो नीट बघितला. “तिचंही बरोबर आहे,” ती म्हणाली. “मिशा छान आहेत.” आणि पिशवी काखेला लावून उठली.

दारापर्यंत पोचली असेल.

“थांबा.”

छपाई झाल्यावर चूक सापडली, तर दुरुस्तीची चिठ्ठी छापून पानात हातानं चिकटवायची, ही या कचेरीची पद्धत. हजार प्रती, हजार चिठ्ठ्या. मग आठवडाभर सगळ्यांच्या बोटांना खळ. एकाच प्रतीत एकच चिठ्ठी, असं कधी कुणी केलं नव्हतं.

बाईंनी कीबोर्ड पुढं ओढला. “नव्या खंडाची एक प्रत मी स्वतः वाचनालयात नेऊन देईन. सांगा. जन्म?”

“एकोणीसशे अठ्ठेचाळीस. पण बाई, यांनी काही केलेलं नाही हो.”

“काम किती वर्षं?”

“चौतीस. पहाटे उठून झडपा उघडायच्या. पावसात, तापात, कशातही. पाणी चुकवलं नाही एकदाही.” ती थबकली. “नाही, एकदा चुकलं. मुलगी झाली त्या दिवशी. माझ्या उशाशी बसून राहिले, अर्धं गाव कोरडं. लोक घागरी घेऊन दारात!”

“लिहू?”

“लिहा की. खरं तेच लिहा. खोटं एकदा छापलंत तेवढं पुरे नाही का?”

बाई पहिल्यांदा हसल्या. मग बराच वेळ फक्त बोटांचा आवाज.

प्रिंटरमधून चिठ्ठी बाहेर आली. कोशाचीच अक्षरं, कोशाचाच आकार. बाजूला तो फोटो, खिशाला बॉलपेन.

(५) पाणी सोडणारा (१९४८– ). चौतीस वर्षं गावाला पाणी दिलं. एक दिवस मुलीच्या जन्मामुळे देता आलं नाही.

म्हातारीनं ओठ हलवत वाचली. पुन्हा वाचली. कंसात आडव्या रेघेपुढं तिचं बोट थांबलं.

“इथं काहीतरी राहिलंय.”

बाई चिठ्ठीवर वाकल्या. “आमच्या कोशात हयात माणसाची नोंद नसते, मावशी. बाकी चौघांचं ते भरलेलं आहे. हे एकटेच तसे आहेत.”

म्हातारी त्या रिकाम्या जागेकडं बघत राहिली. मग चिठ्ठी तिनं परत बाईंच्या पुढ्यात ठेवली.

“पुन्हा काढा,” ती म्हणाली. “तेवढी जागा जरा मोठी ठेवा.”