खालची पट्टी

“हसत गा,” हेडफोनमधून नवऱ्याचा आवाज आला. “आणि वरचा सूर चोरू नकोस.”

ती हसली. कपाटाएवढ्या त्या काचेच्या खोलीत आज तिचा तिसरा दिवस होता. समोर माइक, आणि काचेपलीकडे पियानोवर तो. एकोणीस वर्षं दोघं जॅझ करत होती. तो वाजवायचा, ती गायची. हा अल्बम मात्र तिचा होता. कंपन्यांचे उंबरे झिजवून झाल्यावर तिनं तो स्वतःच काढायला घेतला होता. मुखपृष्ठावर ‘निर्मिती’ या शब्दापुढे तिचं नाव येणार होतं. तिचं असं तेवढंच. गाणी त्यानं निवडली, क्रम त्यानं लावला, आणि पट्टी तर पहिल्यापासून त्याचीच.

“खाली तुझा आवाज पुरुषी लागतो,” असं तो लग्नाआधी म्हणाला होता. तेव्हापासून ती टाचा उंचावून गात आली. कार्यक्रम संपला की गळा सोलवटून निघायचा. तो घरात नसला, की कपड्यांच्या घड्या घालताना ती खर्जात गुणगुणायची. तेवढीच चैन. तिनं स्वतः रचलेलं एक गाणंही त्या खर्जातलंच होतं. “आपल्या पठडीत बसणार नाही,” म्हणत त्यानं ते न ऐकताच यादीतून उडवलं होतं.

आठवं गाणं झालं आणि त्याची दाढ ठणकायला लागली. थोडा वेळ तो गाल धरून बसला. मग उठला.

“काढूनच येतो. मी येईपर्यंत कशाला हात लावू नका.”

दार लागलं. ध्वनिमुद्रकानं पाय ताणले. बास वाजवणारे काका चष्मा पुसू लागले. ती मात्र काचेआडच उभी राहिली. बाहेर यावं हेही तिला सुचलं नाही.

“काका,” बऱ्याच वेळानं ती म्हणाली, “माझं एक गाणं आहे. पियानोशिवाय घेतलं तर चालेल?”

“मला काय विचारतेस? निर्माती कोण आहे, पोरी?”

तिनं पट्टी सांगितली. काकांच्या भुवया वर गेल्या, पण त्यांनी बास जुळवून घेतला. पहिल्या ओळीला तिचा आवाज कापला. दुसऱ्या ओळीला आवाजाचे पाय जमिनीला लागले. गाणं एका दमात झालं.

ध्वनिमुद्रक ते पुन्हा लावून ऐकत होता, तेवढ्यात नवरा परतला. गाल सुजलेला, दाढेच्या जागी कापसाचा बोळा. तो दारातच थबकला. शेवटच्या सुरापर्यंत जागचा हलला नाही.

“कोण हो ही बाई?” त्यानं बोबड्या जिभेनं विचारलं. “काय आवाज आहे! आमच्या हिला ऐकवा जरा. गाणं कशाला म्हणतात ते कळेल तरी.”

काकांनी मान खाली घातली.

“ऐकतेय ती,” स्पीकरमधून उत्तर आलं. त्याच आवाजात.

त्यानं काचेकडे पाहिलं. पाहतच राहिला.

“आधीची आठही गाणी पुन्हा घ्यायचीत,” ती म्हणाली.

आता हा काय बोलतो, म्हणून सगळे थांबले. तो पियानोपाशी जाऊन बसला. बोटं पट्ट्यांवर ठेवली, उचलली. मग एकोणीस वर्षांत पहिल्यांदाच त्यानं तिला विचारलं, “कुठल्या पट्टीत?”